‘एलिंग्टन ॲट न्यूपोर्ट’ : १९५६ची तबकडी ऐकवावी की १९९९ची?

केतकीवन
नमस्कार मंडळी. कोल्हापुरात आमचा दहा-बारा जणांचा श्रवणगट आहे. दर महिन्याच्या दुसऱ्या रविवारी कोणा एकाच्या घरी जमायचे, यजमानाने एक ध्वनिमुद्रण निवडायचे आणि ते मध्ये न बोलता सलग ऐकायचे, असा शिरस्ता गेली सहा वर्षे चालू आहे. गटातले बहुतेक जण ख्याल आणि नाट्यसंगीत ऐकत वाढलेले आहेत. पुढच्या महिन्यात पाळी माझी आहे आणि मी अमेरिकी जाझ पियानोवादक आणि रचनाकार ड्यूक एलिंग्टन यांच्या वाद्यवृंदाचे न्यूपोर्टचे ध्वनिमुद्रण ऐकवायचे ठरवले आहे.

ज्यांना प्रसंग ठाऊक नाही त्यांच्यासाठी थोडक्यात सांगते. अमेरिकेतल्या ऱ्होड आयलंड राज्यात न्यूपोर्ट नावाचे समुद्राकाठचे गाव आहे. जॉर्ज वीन यांनी तेथे १९५४ साली जाझ महोत्सव सुरू केला. ७ जुलै १९५६च्या शनिवारी रात्री एलिंग्टन यांचे वादन होते. पंधरा-सोळा जणांचे वाद्यवृंद पोसणे तोवर कठीण होऊन बसले होते. नृत्यगृहे ओस पडत होती, एकामागून एक बिग बँड बंद पडत होते आणि आदल्याच वर्षी, १९५५च्या उन्हाळ्यात, एलिंग्टन यांच्यावर जलक्रीडेच्या खेळाला साथ करण्याची वेळ आली होती. त्या शनिवारीही सुरुवात बरी झाली नाही. पहिल्या खेपेला वृंदातले चार वादक जागेवरच नव्हते, म्हणून दोन-तीन चिजा वाजवून मंच सोडावा लागला आणि नंतर जवळजवळ तीन तास ताटकळत बसावे लागले. आपल्याला सर्कशीतल्या प्राण्यांसारखे शेवटी का ठेवले आहे, असे एलिंग्टन यांनी संतापून विचारल्याचे प्रसिद्ध आहे. रात्री पावणेबाराच्या सुमारास वृंद पुन्हा मंचावर आला तेव्हा लोक घरी जायला निघाले होते.

त्यानंतर जे घडले त्यासाठी मी ही निवड केली आहे. १९३७ साली रचलेल्या ‘डिमिन्युएंडो इन ब्लू’ आणि ‘क्रेसेंडो इन ब्लू’ या दोन भागांच्या मध्ये पॉल गोन्साल्व्हिस हे टेनर सॅक्सोफोनवादक उभे राहिले आणि त्यांनी ब्लूजची सत्तावीस आवर्तने सलग वाजवली. सहाव्या-सातव्या आवर्तनाच्या सुमारास काळा पोशाख घातलेली एक सोनेरी केसांची बाई आपल्या जागेवरून उठून नाचू लागली, पाहता पाहता सारे मैदान उठले आणि निघालेले लोक परत फिरले.

आता प्रश्न. १९५६ साली कोलंबिया कंपनीने जी तबकडी काढली तिच्यातला बराचसा भाग मैदानातला नाही. दोन दिवसांनी, ९ जुलैला, स्टुडिओत पुन्हा वाजवून घेतलेले भाग त्यात जोडले आहेत आणि वर टाळ्या चढवल्या आहेत. १९९९ साली एलिंग्टन यांच्या जन्मशताब्दीला निघालेल्या दोन सीडींच्या संचात मात्र त्या रात्रीचे संपूर्ण वादन आहे. माझे मन दुसऱ्या आवृत्तीकडे ओढते, पण ज्या तबकडीने जगाला वेड लावले ती पहिलीच होती. प्रथमच जाझ ऐकणाऱ्यांना यातली कोणती ऐकवावी?

साधाश्रोता
ब्लूजचे एक आवर्तन म्हणजे नेमके किती? सत्तावीस हा आकडा मोठा की छोटा, हे त्याशिवाय कळणार नाही.

बारामात्रा
साधाश्रोता, मी तबला शिकलेला आहे, त्यामुळे माझ्या भाषेत सांगतो. ब्लूजचा साचा बारा मापांचा असतो आणि प्रत्येक मापात चार मात्रा, म्हणजे एक आवर्तन अठ्ठेचाळीस मात्रांचे. वाजवणारे त्याला कोरस म्हणतात. सत्तावीस कोरस म्हणजे तीनशे चोवीस मापे, एकूण बाराशे शहाण्णव मात्रा. लय द्रुताकडे झुकलेली असल्यामुळे हे सगळे साधारण साडेसहा मिनिटांत होते. केतकीताई, तुमच्या गटाला हे सांगायला विसरू नका. आपल्या श्रोत्याला आवर्तन सापडले की तो कोणत्याही संगीतात बसू शकतो, असा माझा अनुभव आहे. मी पहिल्यांदा ऐकले तेव्हा बोटांवर मोजत होतो आणि दहाव्या आवर्तनानंतर मोजायचे राहूनच गेले.

निषाद
बारामात्रा यांच्याशी मी अर्धाच सहमत आहे. मोजणीसाठी आवर्तन ही कल्पना उपयोगी आहे, पण ब्लूजचे बारा माप म्हणजे ताल नव्हे. तालात आपण समेची वाट पाहतो. येथे वाट पाहायची ती स्वरसंघाच्या, म्हणजे एकत्र वाजणाऱ्या स्वरांच्या (कॉर्डच्या), बदलाची. पहिली चार मापे घर असते, पाचव्या मापाला वृंद मध्यमाच्या स्वरसंघावर सरकतो, सातव्याला घरी परततो, नवव्याला पंचमाच्या स्वरसंघाकडे जातो आणि शेवटच्या दोन मापांत पुन्हा घर गाठतो. गोन्साल्व्हिस यांची करामत अशी, की ते या पाचव्या आणि नवव्या मापाच्या उंबरठ्यावर दर वेळी नव्या वाटेने येतात. नुसत्या मात्रा मोजणाऱ्याला ही वाट ऐकू येणार नाही. गटाला एवढेच सांगावे, की बासवर लक्ष ठेवा, कारण जिमी वूड यांचा डबल बास प्रत्येक बदल हाताला धरून दाखवतो.

बारामात्रा
निषाद, मान्य. तरीही सम नाही असे मी म्हणणार नाही. प्रत्येक आवर्तनाच्या पहिल्या मात्रेला सॅम वुडयार्ड यांच्या ड्रमवर आणि एलिंग्टन यांच्या पियानोच्या तुटक आघातांवर जो भार येतो, तो माझ्या कानाला समेसारखाच लागतो. नाव काही द्या.

ध्वनिवेडा
मी पुण्यात ध्वनिमुद्रणाचे काम करतो, म्हणून तांत्रिक बाजू मांडतो, कारण मूळ प्रश्नाचे उत्तर तिच्यातच दडलेले आहे.

त्या रात्री मंचावर दोन संस्थांचे मायक्रोफोन होते. एक कोलंबिया कंपनीचे आणि दुसरे ‘व्हॉइस ऑफ अमेरिका’ या अमेरिकी सरकारच्या नभोवाणीचे. गोन्साल्व्हिस पुढे आले आणि नेमके नभोवाणीच्या मायक्रोफोनसमोर उभे राहिले. त्यामुळे कोलंबियाच्या फितीवर ड्रम आणि बास जवळ आले, लोकांचा गलका आला, पण ज्याच्यासाठी हा सारा गलका चालला होता तो सॅक्सोफोन मागच्या खोलीतून आल्यासारखा दूर राहिला. निर्माते जॉर्ज अवाकियन यांच्यापुढे पेच पडला. शिवाय एलिंग्टन यांनी आपले सहरचनाकार बिली स्ट्रेहॉर्न यांच्यासह खास महोत्सवासाठी रचलेल्या ‘न्यूपोर्ट जाझ फेस्टिव्हल स्वीट’ची (स्वीट म्हणजे अनेक भागांची सलग रचना, ही तीन भागांची) तालीम अपुरी झाली होती आणि मंचावरच्या वादनाबद्दल एलिंग्टन समाधानी नव्हते. म्हणून स्टुडिओ.

नभोवाणीची फीत १९९०च्या दशकात अमेरिकेच्या राष्ट्रीय ग्रंथालयात, म्हणजे लायब्ररी ऑफ काँग्रेसमध्ये सापडली. जाझचे अभ्यासक फिल शाप यांनी या दोन स्वतंत्र मोनो (एकाच वाहिनीच्या) फिती संगणकावर जुळवल्या, एक डाव्या कानाला आणि एक उजव्या कानाला दिली आणि १९५६चे ते वादन स्टिरिओत ऐकू येऊ लागले. हे वाचायला सोपे वाटते. दोन निरनिराळी फीतयंत्रे कधीही तंतोतंत एका गतीने फिरत नाहीत. मिनिटागणिक ती एकमेकांपासून सरकत जातात आणि प्रत्येक सरकणे कानाने पकडून दुरुस्त करावे लागते. हे काम ज्याने चौदा मिनिटांच्या सलग तुकड्यावर केले त्याला मी मनापासून नमस्कार करतो.

मायक्रोफोन चुकणे म्हणजे काय ते मी भोगलेले आहे. काही वर्षांपूर्वी एका गावातल्या मैफलीत गायिका बुवांची बंदिश गाताना भान हरपून मागे, तानपुऱ्यावर बसलेल्या शिष्येकडे वळल्या आणि सगळा अंतरा तिच्याकडे पाहून गायल्या. मंडपातल्या प्रत्येकाला तो अंतरा आठवतो. माझ्या ध्वनिमुद्रणात त्या जागी तानपुरा आहे आणि श्रोत्यांचे ‘वा’ आहे.

केतकीवन
ध्वनिवेडा, तुमचा अंतऱ्याचा अनुभव वाचून पोटात कालवले. म्हणजे १९५६च्या तबकडीवर गोन्साल्व्हिस यांचे वादन मात्र मैदानातलेच आहे ना? की तेही पुन्हा वाजवले?

ध्वनिवेडा
ते मैदानातलेच आहे. त्या रात्रीसारखे स्टुडिओत पुन्हा घडणार नाही, हे त्या माणसांना कळत होते. फक्त ते दूरच्या मायक्रोफोनचे आहे आणि ते दूरपण झाकण्यासाठी वर जादा टाळ्या आणि आरोळ्या टाकल्या आहेत.

मध्यलय
येथे मला कडक बोलावेसे वाटते. वेष्टनावर महोत्सवाचे नाव छापायचे, आत स्टुडिओतले वादन भरायचे आणि वर उसन्या टाळ्या चिकटवायच्या, ही श्रोत्याची फसवणूक आहे. पुन्हा वाजवण्याला माझा आक्षेप नाही. तसे वेष्टनावर लिहायला हवे होते, एवढेच माझे म्हणणे आहे. टाळी ही श्रोत्याची सही असते आणि सही दुसऱ्याच्या कागदावर चिकटवता येत नाही. केतकीवन यांनी १९९९चीच आवृत्ती ऐकवावी आणि दुसरीचे नावही काढू नये.

एडिसनवासी
मध्यलय, तुमचा राग मला समजतो, तरी मी दुसरी बाजू मांडते. एलिंग्टन यांच्या हयातीत सर्वांत जास्त खपलेली तबकडी हीच. २० ऑगस्ट १९५६च्या ‘टाइम’ साप्ताहिकाच्या मुखपृष्ठावर ते झळकले आणि पुढे ते स्वतःच सांगत, की माझा जन्म १९५६ साली न्यूपोर्टला झाला. त्या एका रात्रीमुळे वृंद टिकला आणि पुढची अठरा वर्षे, म्हणजे १९७४ साली त्यांचे निधन होईपर्यंत, ते रचना करत राहिले. त्या तबकडीत दोष आहेत, पण तिने हे घडवले. ज्या रूपात ती लोकांच्या घरी पोचली त्या रूपालाही इतिहासात जागा आहे.

मी न्यू जर्सीत राहते. मागे एका उन्हाळ्यात आम्ही गाडीने न्यूपोर्टला गेलो होतो. आता महोत्सव खाडीच्या तोंडावरच्या फोर्ट ॲडम्स या जुन्या किल्ल्याच्या आवारात भरतो, पण मी मुद्दाम फ्रीबॉडी पार्क शोधत गेले, कारण १९५६ची रात्र तेथली. धनिकांच्या जुन्या हवेल्यांसाठी प्रसिद्ध असलेल्या रस्त्याच्या मागे, टेनिसच्या संग्रहालयाला लागून ते साधे खेळाचे मैदान आहे. आम्ही गेलो तेव्हा शाळेतली मुले चेंडू खेळत होती. मैदानाच्या आकारावरून एक गोष्ट कळली. सात हजार माणसे तेथे मावतात, पण मंचापासून फार लांब कोणीच असू शकत नाही. ती बाई नाचायला उठली तेव्हा मंचावरच्या वादकांना ती दिसली असणार आणि वादकांना ती दिसली हे मागच्यांनाही दिसले असणार.

निषाद
एडिसनवासी यांचे शेवटचे वाक्य मला फार महत्त्वाचे वाटते, म्हणून त्यात भर घालतो. मंचाच्या कडेला, प्रेक्षकांच्या नजरेआड, जो जोन्स बसले होते. काउंट बेसी यांच्या वृंदाचे अनेक वर्षांचे ड्रमवादक, त्या संध्याकाळी दुसऱ्या संचाबरोबर वाजवून मोकळे झालेले. त्यांनी वर्तमानपत्राची गुंडाळी केली आणि मंचाच्या कडेवर ठोके द्यायला सुरुवात केली. आधी सॅक्सोफोनवाल्यांनी ते उचलले, मग ट्रॉम्बोन आणि ट्रम्पेटवाल्यांनी, आणि सगळे जण त्यांच्याकडे आणि एकमेकांकडे पाहत ओरडू लागले. म्हणजे मैदान पेटण्याच्या आधी वृंद पेटलेला होता आणि त्याला काडी लावणारा माणूस त्या वृंदाचा नव्हताच. ध्वनिमुद्रणात मागून एलिंग्टन यांच्या हाका ऐकू येतात, त्या याच टप्प्यावर वाढतात.

साधाश्रोता
हे वाचून आत्ता लावले. खरेच, साथीला पियानो, बास आणि ड्रम एवढेच आहे. पंधरा जणांचा वृंद असताना बाकीचे अकरा जण साडेसहा मिनिटे गप्प कसे बसले?

निषाद
गप्प बसणे हीच त्या रचनेची मांडणी आहे. ‘डिमिन्युएंडो’ म्हणजे उतरत जाणारा नाद. सगळा वृंद दणक्यात सुरू होतो आणि हळूहळू एकेक थर काढत पियानोपर्यंत उतरतो. ‘क्रेसेंडो’ त्या खोलीतून पुन्हा चढतो आणि शेवटी कॅट अँडरसन यांचा ट्रम्पेट ऐकवणार नाही इतक्या उंच स्वरावर जाऊन थांबतो. १९३७ साली हे दोन भाग एकाच तबकडीच्या दोन बाजूंवर होते. मधला पूल रिकामा होता आणि एलिंग्टन यांनी त्या जागी वर्षानुवर्षे निरनिराळे प्रयोग केले. गोन्साल्व्हिस यांनी तो पूल न्यूपोर्टच्या आधीही बांधला होता. त्या रात्री त्यांना फक्त इतके सांगितले गेले, की हवे तेवढा वेळ वाजवा.

मांडवीतीर
मी पणजीचा. गोन्साल्व्हिस हे आडनाव वाचून येथे डोकावलो, कारण ते आमच्या गावात चार घरे सोडून एक घर असे सापडते. पॉल गोन्साल्व्हिस गोव्याचे नव्हते. त्यांचे आईवडील आफ्रिकेच्या पश्चिमेकडील केप व्हर्दे बेटांवरचे आणि ते स्वतः अमेरिकेत जन्मलेले. पण केप व्हर्दे १९७५पर्यंत पोर्तुगालच्या ताब्यात होते आणि गोवा १९६१पर्यंत. एकाच साम्राज्याने दोन किनाऱ्यांवर तेच आडनाव सोडले.

एवढ्यावर योगायोग संपत नाही. माजोर्ड्याचे अँथनी गोन्साल्व्हिस मुंबईच्या चित्रपटसृष्टीतले मोठे व्हायोलिनवादक आणि संयोजक. प्यारेलाल आणि राहुलदेव बर्मन दोघेही त्यांच्याकडे शिकले. त्यांच्यासारखे शेकडो गोंयकार चर्चच्या शाळांतून स्वरलिपी वाचायला शिकले, मग मुंबईच्या हॉटेलांत जाझ वाजवू लागले आणि दिवसा चित्रपटांच्या वाद्यवृंदात बसू लागले. चिक चॉकलेट या नावाने गाजलेले आंतोनियो झेवियर वाझ यांचा ट्रम्पेट सी. रामचंद्रांच्या संगीतात ऐकला नाही असा पन्नाशीच्या दशकातला मराठी माणूस विरळा. केतकीताई, तुमच्या गटातल्या ज्येष्ठांना हा धागा जोडून दिलात, तर ट्रम्पेट-ट्रॉम्बोनचा ताफा त्यांना मुळीच परका वाटणार नाही. ‘अलबेला’च्या गाण्यांतून तो त्यांच्या घरी केव्हाच येऊन बसलेला आहे.

जुनागिरगाव
मांडवीतीर यांनी मुंबईचे नाव काढले म्हणून लिहितो. माझे वडील रात्री लघुलहरींवर ‘व्हॉइस ऑफ अमेरिका’ लावत. विलिस कोनोव्हर नावाचे निवेदक खर्जात, एकेक शब्द सुटा करून बोलत आणि कार्यक्रमाची सुरुवात एलिंग्टन यांच्या ‘टेक द ए ट्रेन’ने होई. चाळीत बाकी सगळीकडे सामसूम असे, म्हणून वडील रेडिओवर टॉवेल टाकत आणि कान त्याला लावून बसत. त्या लहरी वाढत-ओसरत, त्यामुळे मधूनच ट्रम्पेट समुद्रात बुडाल्यासारखा होई आणि पुन्हा वर येई. गोन्साल्व्हिस ज्या मायक्रोफोनसमोर उभे राहिले तो त्याच नभोवाणीचा होता, हे मला आज या धाग्यामुळे कळले. १९४८च्या कायद्याने त्या नभोवाणीचे कार्यक्रम खुद्द अमेरिकेतल्या श्रोत्यांसाठी नव्हते. म्हणजे जे स्वच्छ ध्वनिमुद्रण अमेरिकेला चाळीस-बेचाळीस वर्षे मिळाले नाही, ते घेतले गेले होते आमच्यासारख्या परदेशी श्रोत्यांसाठी.

आणि १९६३ साली हा वृंद प्रत्यक्ष भारतात आला. अमेरिकेच्या परराष्ट्र खात्याने तो दौरा आखला होता. दिल्लीत एलिंग्टन आजारी पडून रुग्णालयात होते, पण दौरा पुढे चालला आणि मुंबईतही त्यांचे कार्यक्रम झाले. गोन्साल्व्हिस, जॉनी हॉजेस आणि हॅरी कार्नी हे तिघेही सॅक्सोफोनवादक त्या ताफ्यात होते. नोव्हेंबरात केनेडी यांची हत्या झाली आणि दौरा मध्येच थांबवावा लागला. त्या प्रवासातून पुढे ‘फार ईस्ट स्वीट’ ही रचना झाली. तिच्यातला एक भाग दिल्लीत ऐकलेल्या मैनेच्या शिळेवर बांधलेला आहे. वडिलांना मुंबईच्या कार्यक्रमाचे तिकीट परवडले नाही. ते बाहेर जाऊन उभे राहिले होते का, हे मी त्यांना कधी विचारले नाही आणि आता विचारता येत नाही.

मध्यलय
जुनागिरगाव, तुमचा प्रतिसाद दोनदा वाचला. लघुलहरींवर बुडणारा-वर येणारा ट्रम्पेट ज्याने ऐकला त्याच्यासमोर ‘शुद्ध’ ध्वनिमुद्रणाचा आग्रह किती धरावा, असा प्रश्न मला पडला आहे. तरी टाळ्यांबद्दलचे माझे मत कायम आहे.

केतकीवन
मध्यलय यांच्या सहीच्या उपमेवर मी दोन दिवस विचार करते आहे. आपल्याकडे नाटकात ‘वन्स मोअर’ मिळाला की नट तेच पद पुन्हा गाई आणि दुसऱ्या वेळी त्यात नव्या जागा येत. ती दुसरी खेप श्रोत्यांनी मागून घेतलेली असे. न्यूपोर्टला श्रोत्यांनी मागून घेतले ते एका वादकाचे पुढचे आवर्तन, आणि ते त्यांनी वीसेक वेळा मागितले. मग ध्वनिमुद्रणातून श्रोता काढून टाकला किंवा त्याच्या जागी दुसरा बसवला, तर संगीताचाच एक वादक बदलला असे होत नाही का?

ध्वनिवेडा
होते, आणि हे ऐकूनही कळते. १९९९च्या आवृत्तीत लोकांचा आवाज हळूहळू, विस्कळीत वाढत जातो. आधी डावीकडे कोणी ओरडते, मग मागे गलका होतो, मध्येच तो ओसरतो आणि पुढच्या आवर्तनाला दुप्पट होऊन येतो. चढवलेल्या टाळ्यांना असा चढउतार नसतो. त्या पावसासारख्या एकसारख्या पडतात. आणखी एक गोष्ट. नव्या संचात वादन संपल्यावरचा भागही आहे. लोक आवरेनात, दंगल होईल या भीतीने वीन यांना कार्यक्रम थांबवायचा होता, एलिंग्टन ऐकेनात. त्यांनी जॉनी हॉजेस यांना पुढे केले. सॅक्सोफोन कसा रडतो ते हॉजेस यांच्याकडून ऐकावे. ‘आय गॉट इट बॅड’च्या पहिल्या दोन ओळींत ते मैदान खाली बसते. मैफलीत तराण्यानंतर ठुमरी यावी तसे आहे. हा भाग मूळ तबकडीत नाही आणि माझ्या मते गटाला ऐकवायला तो आवश्यक आहे.

बारामात्रा
जाता जाता : थेट ध्वनिमुद्रणाची गोडी लागली तर पुढे दोन गोष्टी ऐकवा. क्लॅरिनेटवादक बेनी गुडमन यांचे १६ जानेवारी १९३८चे कार्नेगी हॉलमधले वादन, जे तबकडीच्या रूपाने १९५० साली बाहेर आले. आणि खुद्द एलिंग्टन यांचे ७ नोव्हेंबर १९४०चे नॉर्थ डकोटातल्या फार्गो गावचे. तेथे दोन तरुण हौशी मुलांनी तबकड्या कोरणारे यंत्र आणून एका नृत्याच्या कार्यक्रमाचे मुद्रण केले. लोक नाचत आहेत, गप्पा मारत आहेत आणि वृंद त्यांच्या पायांसाठी वाजवतो आहे. कोणाची सही उसनी नाही, मध्यलय!

मध्यलय
फार्गो माझ्याकडे आहे. त्याबद्दल वेगळा धागा काढावा अशी विनंती आहे.

केतकीवन
मंडळी, रविवारी कार्यक्रम झाला, म्हणून सांगायला आले.

शेवटी मी १९९९ची आवृत्ती ऐकवली. ‘डिमिन्युएंडो’पासून हॉजेस यांच्या दोन्ही चिजांपर्यंत सलग. आधी बारामात्रा यांची मात्रांची मोजणी सांगितली, निषाद यांचे बासवर लक्ष ठेवायचे सांगितले आणि मांडवीतीर यांचा ‘अलबेला’चा धागा जोडला. सोनेरी केसांच्या बाईबद्दल मुद्दाम काही बोलले नाही.

आमच्या गटात पंचाहत्तरी ओलांडलेले एक काका आहेत. पूर्वी संगीत नाटकांना तबल्याची साथ करत. ते डोळे मिटून बसले होते आणि उजव्या हाताचा अंगठा बोटांच्या पेरांवरून फिरत होता. नववे-दहावे आवर्तन असेल, गलका वाढला, तसे त्यांनी डोळे उघडले आणि दाराकडे पाहिले. कोणी आले का, असा तो चेहरा होता. संपल्यावर न बोलण्याचा नियम सुटतो. पहिले तेच बोलले. म्हणाले, “मध्ये कोणीतरी उठलं. वाजवणाऱ्याला ते दिसलं. त्याच्यानंतर त्याचा हात बदलला.” मग मी त्यांना ती बाई, जो जोन्स यांचे वर्तमानपत्र आणि दोन मायक्रोफोन हे सगळे सांगितले.

नंतर चहा घेताना १९५६च्या तबकडीतला तोच तुकडा लावला. काकांनी पाच मिनिटे ऐकले आणि सांगितले, की वाजवणारा तोच आहे, पण येथे तो पडद्यामागे बसला आहे आणि लोक दुसऱ्या नाटकाचे आहेत. मध्यलय, तुम्ही तेथे असतात तर त्यांचा हात धरला असतात. पण आमच्याच गटातल्या एका ताईंना पहिली आवृत्ती अधिक आवडली, कारण तिच्यातली ‘स्वीट’ स्वच्छ आणि घोटलेली आहे. मंचावरच्या वादनात क्लॅरिनेटच्या मागे ट्रॉम्बोन कचरताना ऐकू येतात, असे त्यांचे म्हणणे पडले आणि ते खोटे नाही. तेव्हा पुढे-मागे ‘स्वीट’साठी १९५६ची आणि बाकी सगळ्यासाठी १९९९ची, असे ऐकायचे आम्ही ठरवले आहे.

बारामात्रा, काकांची मोजणी सव्वीस भरली. मी सत्तावीस सांगितल्यावर ते नाराज झाले आणि सीडी घरी घेऊन गेले आहेत.

बारामात्रा
त्यांना सांगा, की सॅक्सोफोन कोठून सुरू होतो तेथे चुकत असेल. आधीची आवर्तने एकट्या पियानोची आहेत आणि गोन्साल्व्हिस फार हळू आत शिरतात. पहिल्या आवर्तनात ते आलेत हे मलाही तिसऱ्या खेपेला कळले.

केतकीवन
आत्ताच त्यांचा फोन येऊन गेला. सत्तावीस भरली.